बाहेरून सांगली, आतून तंजावर

पंचूराव करंजी तोंडात घालण्याआधी कानाला लावत. टेलिफोनसारखी धरत, डोळे मिटत आणि हलकेच हलवत. आत सारण वाजलं की चेहरा पडायचा. "निजली," असं म्हणून ते ती ताटलीत ठेवत आणि पुढची उचलत. तीही वाजली की, "हीदेखील निजली." एखादी वाजली नाही, तर भुवया वर जात. मग ते एक घास घेत आणि तो गालात तसाच धरून घरभर चकरा मारत. घास गिळून झाल्यावर निकाल लागे. तो बहुतेक ठरलेला असे.

"उठत होती. पण उठली नाही."

पदार्थ उठतो आणि निजतो ही भाषा मी त्यांच्याकडेच ऐकली. चांगला जमला तो उठला, फसला तो निजला. मी त्यांच्या घरी राहायला गेलो तेव्हापासून कितीतरी दिवस त्या घरातल्या सगळ्या करंज्या निजलेल्याच होत्या, आणि त्या मला खाव्या लागत होत्या.

पन्नास-साठच्या सुमाराची ही गोष्ट. चेन्नईला तेव्हा आम्ही मद्रासच म्हणत असू. मी सातारचा, सरकारी हिशेबाच्या कचेरीत नेमणूक झाली म्हणून ट्रंक आणि वळकटी घेऊन तिथे जाऊन पडलो. तमिळचं एक अक्षर येत नव्हतं. कुणीतरी सांगितलं, मैलापुरात एक मराठी घर आहे, वरची खोली रिकामी आहे. दार उघडलं ते पंचूरावांनीच. पूर्ण नाव पंचापकेशराव. ते मला पहिला महिनाभर धड म्हणता आलं नाही, त्यामुळे सगळ्यांसारखा मीही पंचूरावच म्हणू लागलो.

हे तंजावरचे मराठी. वाडवडील केव्हातरी राजाच्या फौजेबरोबर तिकडे गेले, त्यातला एकही परत फिरला नाही. पंचूरावांनी स्वतः महाराष्ट्र पाहिलाही नव्हता. पण घरात मराठी होती. ती ऐकताना एखादी जुनी बखर कुणीतरी तमिळ चालीवर मोठ्याने वाचतंय असं वाटे.

"आपण कुठले?" त्यांनी दारातच विचारलं.

"सातारचा."

"सातारचे! म्हणजे करंजीच्या मुळापासचे!" त्यांनी माझा हात धरला आणि तसाच ओढत मला मागच्या पडवीत नेलं. तिथे कोळशाची शेगडी पेटलेली होती, कढईत तेल तापत होतं. "सांगा, तुम्हांकडे कडेस मुरड घालितात की कातण फिरवितात?"

करंजीशी माझा संबंध दिवाळीत खाण्यापुरता. मी म्हणालो, "आई घालते काहीतरी."

"काहीतरी?" त्यांनी कपाळावर हात मारला. "सातारचा माणूस, आणि काहीतरी!"

"अहो, त्यांस ट्रंक तरी खाली ठेवूं द्या," आतून त्यांची बायको म्हणाली. तिला सगळी गल्ली मामी म्हणत असे, मीही मामीच म्हणू लागलो. ट्रंक खरोखरच माझ्या दुसऱ्या हातात लटकत होती.

माझ्या खोलीची एक वेगळी कीर्ती होती. माझ्या आधी तिथे सांगलीचा माधव पाटणकर नावाचा रेल्वेतला तरुण राहत होता. त्याने भाडं कधी चुकवलं नाही, पण जाताना घरमालकांची एकुलती मुलगी लग्न करून घेऊन गेला. जानकी तिचं नाव. पुढे माधवची बदली मिरजेला झाली, घर सांगलीतच होतं, त्यामुळे ती आता सासू-सासऱ्यांजवळ राहत होती. शेजारचे लोक मला पहिल्यांदा पाहत तेव्हा, आता या घरातून काय जाणार आहे, अशा नजरेने पाहत.

पंचूराव बंदराजवळच्या एका कचेरीत हेडक्लार्क होते. हेडक्लार्क म्हणजे खुर्चीला चिकटलेला माणूस, ही माझी समजूत त्यांनी मोडली. ते कुठेच टिकत नसत. जेवताना अर्ध्या भातावरून उठून शेगडी पाहून येत. बसमध्ये आपला थांबा येण्याआधीच उतरत, कारण "बस उभी राहते तेव्हां आम्हांस बरें वाटत नाही." देवळात प्रदक्षिणा घालताना पुढच्या माणसाला मागे टाकत. एकदा एका बाईला त्यांनी प्रदक्षिणेतच गाठलं आणि विचारलं, "अम्मा, तुम्ही केळफूल ताकांत किती वेळ ठेवितां?" बाईने उत्तर दिलं. देवाला नमस्कार करायचा राहिला, तो त्यांनी दारातून चपला घालता घालता केला.

आणि हे सगळं करंजीपायी. गोड करंजीत त्यांना रस नव्हता. त्यांना हवी होती तिखट. वरची पारी महाराष्ट्राची, रवा-मैद्याची, तुपाचं मोहन घातलेली. आणि आतलं सारण तंजावरी. पण कोणतं तंजावरी, इथे घोडं अडलेलं होतं.

पहिल्या काही दिवसांत शेवग्याच्या शेंगांची करंजी झाली. चवीला बरी होती, पण शेंगेचा चोथा आधी चावायचा आणि मग थुंकायचा कसा, ते करंजी तोंडात असताना सुचत नाही. मी आणि मामी दोघंही गाल फुगवून एकमेकांकडे पाहत बसलो. मग त्यांनी पारीच तांदळाची केली. ती तेलात पडताच फुटली आणि सारण कढईभर पोहत सुटलं. पंचूराव झाऱ्याने एकेक तुकडा पकडत होते आणि तमिळमध्ये त्याला नावं ठेवत होते. तमिळ मला त्या दिवशी बरंच आलं.

सगळ्यात गाजली ती ताकातल्या वाळवलेल्या मिरचीची. ती त्यांनी डब्यातून कचेरीत नेली आणि थेट साहेबांसमोर ठेवली. साहेबांनी मोठा घास घेतला. थोड्या वेळाने त्यांच्या डोळ्यांतून धारा लागल्या. पंचूराव टेबलावर वाकून मोठ्या आशेने म्हणाले, "सर, पाणी आलें. म्हणजे उठली का?" साहेब तांब्याभर पाणी प्यायले आणि एक इंग्रजी वाक्य बोलले. ते वाक्य पंचूरावांनी घरी कधी सांगितलं नाही. कचेरीत मात्र ते सगळ्यांना पाठ होतं.

मला हे एखाद्या निवृत्तीला टेकलेल्या माणसाचं खूळ वाटे. दुसरे पत्ते खेळतात, हे करंज्या तळतात. एका रविवारी ते भाजीबाजारात गेले होते आणि मामी पडवीत केळफूल सोलत होती. प्रत्येक बारक्या फुलातला दांडा आणि पापुद्रा काढून फुलं ताकात टाकत होती. मी सहज विचारलं, "मामी, यांना हे करंजीचं वेड पहिल्यापासून आहे?"

"छे! हे करंजी खातही नसत." तिने हात थांबवले नाहीत. "जानकी पहिल्या दिवाळीस आली ना, तेव्हांपासून."

तीच पुढे सांगू लागली.

"तिथें कोणी वाईट नाही हो. सासूबाई हात उगारीत नाहीत, बोलत नाहीत. पण स्वयंपाकघर त्यांचें. तिथें आमसूल. चिंच भांडीं घासण्यास. हिनें हौसेनें एक दिवस सांबार केलें. सासूबाईंनी चाखलें आणि म्हणाल्या, 'अगं, आमटीला झालं काय?' सगळे हसले. हीही हसली. मग पुन्हा केलें नाही."

"आणि दिवाळीला आली तेव्हा?"

"पाय धुतले नाहीत. सरळ आंत गेली, चुलीपाशी उभी राहिली आणि पातेल्यांतला गार सांबारभात हातानें खाऊं लागली. ताट नाही, पाट नाही. हे दारांत उभे होते. पाहिलें आणि तसेच मागें फिरले. तिला कळूं दिलें नाही." मामीने एक फूल नुसतंच बोटांत फिरवलं. "ती परत गेली त्या दिवशीं मैदा घेऊन आले. म्हणाले, सांबार लपत नाही, त्याचा वास येतो. लपेल असें काही हवें. बाहेरून सांगली, आंतून तंजावर. कोणी पाहिलें तर करंजीच दिसेल. कोणी काही म्हणणार नाही, आणि पोरगी आपलें खाईल."

एवढ्यात पंचूराव आले. दोन्ही बगलांत केळफुलं होती. "कोण निजलें इथें?" ते ओरडले. "उठा! आज उसळी करूं!"

उसळी म्हणजे तिकडची एक कोरडी भाजी. तूरडाळ लाल मिरच्यांबरोबर भरड वाटायची, वाफवायची, मोकळी करायची आणि भाजीत परतायची. त्या दिवसापासून, करंजीत हीच भरायची म्हणून, पंचूराव तिच्या मागे लागले. डाळ कमी-जास्त झाली, हिंग कमी-जास्त झाला. चिंचेचा कोळ त्यांनी आटवून आटवून लेह्यासारखा केला, गुळाचा खडा टाकला. मी मुकाट्याने खात होतो. हसू यायचंच, पण आता ते आधीसारखं सरळ यायचं नाही.

आणि एका संध्याकाळी करंजी वाजली नाही. पंचूरावांनी घास घेतला, चकरा सुरू केल्या. अंगणातल्या तुळशीला वळसा घातला, माडीवर गेले, खाली आले. मी आणि मामी वाट पाहत उभे. ते पडवीच्या खांबाशी थांबले.

"उठली," ते म्हणाले. इतक्या हळू, की मामीने विचारलं, "काय?"

"उठली ग."

पुढच्याच महिन्यात कळलं की सांगलीचे व्याही-विहीण रामेश्वरला निघालेत, जानकीही बरोबर आहे, आणि परतताना दोन दिवस मद्रासला मुक्काम आहे. जावयाला रजा मिळत नव्हती. घरात वारं शिरल्यासारखं झालं. पंचूरावांनी भिंतींना चुना लावून घेतला, तो वाळण्याआधी त्याला टेकले, आणि पाठीवर पांढरा शिक्का घेऊन कचेरीत गेले.

पाहुणे आले. व्याही शांत होते, आल्याबरोबर त्यांनी वर्तमानपत्र मागितलं. विहीणबाई उंच, ताठ, नीटनेटक्या. घर पाहिलं, "स्वच्छ आहे हो," म्हणाल्या. मागून जानकी आली. माझ्या मनात तिची जी मूर्ती होती तिच्यापेक्षा ती पुष्कळच लहान दिसत होती. तिने वाकून नमस्कार केला आणि म्हणाली, "कसे आहात, बाबा?"

पंचूरावांनी मान वळवून मागे पाहिलं. मागे कुणी नव्हतं. आपल्यालाच म्हणते आहे हे कळायला त्यांना क्षणभर लागला. ती त्यांना जन्मभर अप्पा म्हणत आली होती. बोलणंही आता थेट सांगलीचं होतं, त्यात आमच्या घरातली बखर शिल्लक नव्हती.

दुसऱ्या दिवशी दुपारी मेजवानी. सकाळीच करंज्या तळून पितळी डब्यात झाकून ठेवलेल्या. केळीची पानं मांडली. व्याही, विहीणबाई, जानकी, आणि सातारचा साक्षीदार म्हणून मी. मामीने धीर एकवटून साधं वरण केलं होतं, आमसूल मुद्दाम शोधून आणलं होतं. पंचूराव वाढत होते. वरण आलं, तूप आलं, भाजी आली, पापड दोनदा आले. करंजी काही येईना. ते आत जात आणि हात हलवत बाहेर येत.

मी पाण्याचं निमित्त करून आत गेलो. ते डब्यासमोर उभे होते.

"करंज्या?" मी विचारलं.

"नको."

"अहो, नको काय? यासाठीच तर—"

"तिथें हसले, तें निराळें," ते कुजबुजले. "तिथें हसले तर पोरगी म्हणते, माझें घर आहे मद्रासेस. इथें हसले तर तिनें कुठें जावें?"

तेवढ्यात जानकी दारात आली. मामीला मदत करायला उठली असावी. तिने वास घेतला. काही न विचारता डब्याचं झाकण काढलं, एक करंजी उचलली आणि उभ्या उभ्या दाताने तोडली. पंचूराव घाईघाईने म्हणाले, "तें बाहेरून दिसतें तसें नाही. आंतून—"

"कळलं," ती म्हणाली. तिने तोंडातला घास संपवला, पदराने डोळे टिपले, करंज्या ताटात काढल्या आणि बाहेर घेऊन गेली. आम्ही दोघे तिच्यामागे, वरातीतल्यासारखे.

तिने सासूच्या पानावर करंजी वाढली. विहीणबाईंनी तिचा कोपरा मोडला, खाल्ला. मग मोठा घास घेतला. पंचूराव खांबामागे गेले होते. एक खांदा तेवढा दिसत होता.

"तिखट आहे," विहीणबाई म्हणाल्या. "सारण कशाचं?"

मामी तुपाची तामली हातात धरून तशीच उभी.

"केळफूल," जानकी म्हणाली. "तूरडाळ. आणि चिंच."

"चिंच?"

"चिंच." जानकीचा आवाज जरा चढला, आणि मग ती एकाएकी घरातल्या बोलीत वळली. "अप्पा, चिंच थोडकी अधिक जाहली आहे. पण बेस उठली आहे."

खांबामागचा खांदा हलला.

विहीणबाई सुनेकडे पाहत राहिल्या. हे बोलणं त्यांनी आजवर ऐकलं नसावं. "असं बोलता होय तुम्ही घरी?" त्या म्हणाल्या. मग करंजीकडे बोट केलं. "हे तुला येतं?"

"सारण येतं. पूर्वीपासून."

"मग इतके दिवस केलं का नाहीस?"

"त्या दिवशी सगळे हसलात."

ही गोष्ट तिने तक्रार म्हणून सांगितली नाही. विचारलं म्हणून सांगितली. व्याह्यांनी पानावरून मान वर केली आणि पुन्हा खाली घातली.

"हसलो खरे," विहीणबाई म्हणाल्या. "मीच आधी हसले. मला वाटलं, तूही हसलीस, म्हणजे तुलाही गंमत वाटली." त्यांनी उरलेली करंजी संपवली. "केळफूल आपल्याकडे मिळतं. कृष्णेकाठी केळी काय कमी आहेत? घरी गेल्यावर कर. पण व्याही," त्या खांबाकडे वळून म्हणाल्या, "मुरड फार सैल आहे हो तुमची."

पंचूराव दोन्ही हात जोडून बाहेर आले. "सैल आहे! सैलच आहे!" ते इतक्या आनंदाने म्हणाले, जणू दरबारात किताब मिळाला होता. व्याह्यांनी एवढ्या वेळात न बोलता तीन करंज्या संपवल्या होत्या. त्यांनी चौथी मागितली.

त्या संध्याकाळी विहीणबाई मामीच्या स्वयंपाकघरात पाट घेऊन बसल्या आणि मुरड कशी घट्ट घालायची ते दाखवू लागल्या. जानकी सारण भरत होती. पंचूराव तीन वेळा आत डोकावले, तिन्ही वेळा तिघींनी मिळून त्यांना बाहेर काढलं. आतून हसण्याचा आवाज आला की ते दाराशी थबकत, नीट ऐकत, आणि हसणं कसलं आहे याची खात्री पटली की पुन्हा चालू लागत.

दुसऱ्या दिवशी सेंट्रल स्टेशनवर आम्ही त्यांना पोचवायला गेलो. मामी घरीच थांबली, तिला स्टेशनवरचा निरोप सोसत नसे. जानकी खिडकीशी बसली होती. "जाऊन येतें, अप्पा," ती म्हणाली. विहीणबाईंनी करंज्यांचं पुडकं मांडीवर नीट धरलं होतं. गाडी हलली. पंचूराव फलाटाच्या टोकापर्यंत तिच्याबरोबर चालत गेले. मी पाठोपाठ पोचलो तेव्हा रूळ रिकामे होते.

"जिंकलात, पंचूराव," मी म्हणालो. "आता ती तिथे उघड करील, उघड खाईल. लपवायचं कारणच उरलं नाही."

"होय," ते म्हणाले. "बरें जाहलें." मग थोडं थांबून म्हणाले, "तिथेंच मिळूं लागलें. आतां तिला इकडे येण्यास निमित्त काय?"

मला वाटलं होतं, हा माणूस आज बस सोडून नाचत घरी जाईल. हमाल आमच्या बाजूने हातगाड्या ढकलत गेले. पंचूराव रुळांकडे पाहत उभे होते. बऱ्याच वेळाने त्यांनी विचारलं, "विहीणबाईंनी रामेश्वराहून सेतूची वाळू बांधून आणिली आहे. पाहिलीत?"

"पाहिली. पुरचुंडीत होती."

"ती काशीस न्यायची. गंगेंत सोडायची. आणि मग तिथलें गंगाजल घेऊन परत रामेश्वरास यावें लागतें. नाही तर यात्रा पुरी होत नाही. तुम्हां सातारकडेही असेंच ना?"

"असंच," मी म्हणालो.

"म्हणजे यावेंच लागेल. मद्रासेवरूनच यावें लागेल. सुनेवांचून कशा येतील, वय जाहलें त्यांचें." ते माझ्याकडे वळले. "काशीस केव्हां जाणार, कांही म्हणाल्या का हो?"

"नाही, काही म्हणाल्या नाहीत."

"लवकर जावें," पंचूराव म्हणाले. "असल्या कामांस उशीर करूं नये."